दोराच्या दुसऱ्या टोकाला

दार उघडलं तेव्हा पराग बूट काढत होता, आणि वरदाला पहिला राग त्या बुटांचाच आला. हे आता त्याचं घर नव्हतं. बूट कुठं ठेवायचे हे पाहुण्यानं विचारायचं असतं. पण हा पठ्ठ्या सवयीनं बूट काढून, सवयीनंच ते स्टँडच्या खालच्या फळीवर सारून, वर "पंखा वाढव जरा" म्हणत हॉलमध्ये शिरलासुद्धा.

"पंखा तेवढाच फिरतो," वरदा म्हणाली. "काय न्यायचं ते ने आणि नीघ. दुपारी मला काम आहे."

"रविवारचं कसलं काम?"

"ते विचारायचा हक्क कोर्टात संपला तुझा."

परागनं पिशवीतून नवाकोरा हँडहेल्ड काढला. दोन्ही हातांत धरून खेळायचा तो छोटा कन्सोल त्यानं टीव्हीसमोरच्या टेबलावर ठेवला आणि सोफ्यावर बसला. तेही आपल्या जुन्या जागेवर, उजव्या कोपऱ्यात. सोलापूरचा एप्रिल होता, सकाळी अकरालाच भिंती तापल्या होत्या, आणि वरदानं त्याला पाणी विचारलं नाही. घरी आलेल्याला पाणी न विचारण्याची ही तिच्या आयुष्यातली पहिलीच वेळ असावी. पण तिला त्याची अजिबात लाज वाटली नाही.

कोर्टानं वाटणी मोठी गमतीची केली होती. टीव्हीखालचा मोठा कन्सोल वरदाला आणि त्याच्या पोटातले सगळे खेळ परागला. डबा तुमचा, भाजी त्यांची, असं वकील हसत हसत म्हणाले होते. खेळ हल्ली दुकानातून डबीत येत नाहीत, ते खात्यावर येतात. खातं परागच्या नावाचं, तेव्हा खेळ परागचे. तो रत्नागिरीपासून खोल समुद्रात, पवनचक्क्यांच्या देखभालीवर होता. महिनाभर पाण्यात, मग पंधरा दिवस जमिनीवर. तिथल्या सामायिक खोलीतला कन्सोल कंपनीनं काढून टाकला, म्हणून साहेबांना आता आपले खेळ खिशात हवे होते.

नुसते खेळ असते तर वरदानं ते फाटक्या पिशवीत भरून जिन्यातच दिले असते. भांडण खेळांचं नव्हतंच. भांडण होतं सावलीचं.

ज्यांच्या घरी असला कन्सोल नाही त्यांच्यासाठी सावली म्हणजे काय ते सांगायला हवं. तुम्ही खेळत असता तेव्हा कन्सोल तुमच्याकडं बघत असतो. वळणावर तुम्ही किती वेळ घुटमळता, घाबरलात की डावीकडं पळता की उजवीकडं, हाताशी दोन भाकरी असल्या तर दुसऱ्याला एक देता का, हे सगळं तो टिपून ठेवतो. त्यातून त्याच्या आत हळूहळू एक जाळं विणलं जातं. पुरेसं विणलं गेलं की ते जाळं तुमच्यासारखं खेळायला लागतं. तुम्ही झोपलात, गावाला गेलात, तरी तुमच्या जागी ते खेळतं, आणि समोरच्याला फरक कळत नाही. लोकांनी त्याला सावली नाव दिलं. कंपन्यांचं नाव काहीतरी लांबलचक होतं, ते कुणाच्या तोंडी बसलं नाही.

पुढं व्हायचं तेच झालं. सावल्यांच्या नकला निघाल्या. चांगल्या खेळाडूंच्या सावल्या विकल्या गेल्या, कुणी सोडून गेलेल्या मैत्रिणीची सावली मित्रांत वाटली. मग कायदा आला: एक सावली, एक यंत्र. तेव्हापासून सावलीची नक्कल निघत नाही. ती फक्त हलवता येते. दोन्ही यंत्रं एकाच खोलीत, तारेनं जोडून ठेवायची. सावली नव्यात पोहोचली की जुन्यातून पुसली जाते, कायमची. आणि परक्याची सावली कुणी उचलून नेऊ नये म्हणून शेवटी ओळखपरेड असते. ज्याची सावली, त्यानं स्वतः बसून थोडा वेळ खेळून दाखवायचं. यंत्र बोटं ओळखत नाही, खोड ओळखतं. खोड जुळली तरच कुलूप उघडतं.

परागनं तार जोडली. पडद्यावर एकेक खेळ उजळत, डाव्या रकान्यातून उजव्या रकान्यात जायला लागला. गाड्यांचा गेला, शेतीचा गेला, क्रिकेटचा गेला. मग शेवटचा उरला, 'दोरवाट'. त्याच्याखाली वरदाचा फोटो होता आणि फोटोखाली लिहिलं होतं: सावली, पूर्ण.

"हा राहू दे," वरदा म्हणाली.

"का?"

"माझी सावली आहे. मला नाही द्यायची."

"खात्यावरच्या सगळ्या नोंदी खातेदाराच्या. निकाल वाच."

"निकाल गेला खड्ड्यात! मी जिवंत आहे, पराग. माझी सावली खिशात घालून तू समुद्रात नेणार? उद्या बोटीवरच्या चार टोणग्यांत बसून माझ्याशी खेळणार? शोभतं का हे?"

आतल्या खोलीत खाट करकरली. वरदानं तिकडं बघितलं आणि आवाज खाली आणला.

खोलीत आप्पा होते. आप्पा म्हणजे दिगंबर सुरवसे, परागचे वडील. सगळी हयात त्यांनी शाळेत कबड्डी शिकवली. मैदानाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत ऐकू जाणारा आवाज, आणि चालताना कुणासाठी म्हणून पाऊल हळू करायचं नाही. बायको मागं राहिली, मुलगा मागं राहिला, तरी आप्पा पुढं. हे घर त्यांचंच. घटस्फोटाच्या वेळी ते सगळ्यांदेखत परागला म्हणाले होते, "सून इथंच राहणार. तुला कुठं जायचं तिकडं जा, बे." त्यानंतर बापलेक एकमेकांशी एक शब्द बोलले नव्हते. आताही पराग आलाय हे कळून त्यांनी दार पुढं ओढून घेतलं होतं.

पण खरं वैर त्याच्याही आधीचं होतं. परागची आई भर उन्हाळ्यात गेली. पराग समुद्रात होता, वादळानं हेलिकॉप्टर उडत नव्हतं. तो फोनवर रडत होता, "संध्याकाळपर्यंत थांबा, आप्पा, मी येतोय." आप्पा थांबले नाहीत. दुपारी चितेला अग्नी दिला. पराग पोहोचला तेव्हा त्याला राख बघायला मिळाली. त्या दिवसापासून तो बापाला आप्पा म्हणेनासा झाला. तो 'ते' म्हणायचा.

आणि त्याच महिन्यात आप्पांनी कधी नव्हे तो कन्सोलचा कंट्रोलर हातात घेतला होता.

पराग समुद्रातून रोज संध्याकाळी 'दोरवाट' खेळायला यायचा, बायकोशी तेवढाच संपर्क. वरदाला त्या खेळाचा वीट आला होता. दिवसभर बँकेत मान मोडायची आणि घरी येऊन पडद्यावर कडे चढायचे! एक दिवस ती कंट्रोलर टाकून स्वयंपाकाला गेली, परत आली तर सोफ्यावर आप्पा. चष्मा कपाळावर, जीभ दातांत, पडद्यावर परागच्या गड्याला दोरानं वर ओढून घेत होते. "त्याला सांगू नको," एवढंच म्हणाले. कन्सोल सुरू केला की 'कोण खेळतंय?' असं विचारतो. पण या घरात त्याचं उत्तर कधी कुणी मनावर घेतलं नाही. चार माणसांच्या घरात सगळे एकाच टॉवेलला हात पुसतात, तसे सगळे पहिल्या फोटोवर बटण दाबून मोकळे. पहिला फोटो वरदाचा होता, तो परागनंच लावलेला.

तेव्हा ती सावली वरदाची नव्हतीच. वर्षानुवर्षं रोज संध्याकाळी बसून आप्पांनी ती विणली होती, आणि यंत्रानं तिच्यावर सुनेचं नाव घातलं होतं.

एवढ्यावर भागलं असतं तरी वरदा भांडली नसती. पण घटस्फोटानंतर पराग खेळायचा बंद झाला आणि आप्पांच्या हातांत कंप आला. आधी कपातला चहा बशीत सांडायला लागला, मग शर्टाची बटणं लागेनात. डॉक्टरांनी सांगितलं, बोटं चालू ठेवा. 'दोरवाट'मध्ये 'साथ' नावाची एक सोय होती. खेळणाऱ्याचा हात चुकला की त्याची सावली त्याचा इरादा ओळखते आणि ते पाऊल नीट टाकते. आप्पांची बोटं थरथरायची आणि पडद्यावरचा गडी मात्र पूर्वीसारखा ताठ चढायचा. संध्याकाळचा तो तासभर आप्पा पुन्हा मैदानावर असायचे. ओरडायचे, शिव्या घालायचे, भूक लागली म्हणायचे. बाकीचा दिवस खिडकीकडं तोंड करून पडून. सावली गेली की तो तासही जाणार होता, आणि वरदाला हे दिसत होतं.

सकाळी तिनं सांगून बघितलं होतं. "आप्पा, त्याला खरं सांगू का? एका वाक्यात मिटेल."

"माझं नाव घेतलंस तर या घरात पाणी पिणार नाही मी," आप्पा म्हणाले होते. "त्याच्या दारात भीक मागायला जायचंय का मला? तू तुझं म्हणून भांड."

म्हणून ती भांडत होती. हात बांधून कबड्डी खेळायची, अशातली गत.

"टोणग्यांत बसून खेळणार नाही मी," पराग आता म्हणत होता. "एकटाच खेळणार आहे. तुला काय त्याचं? तू तर वर्षानुवर्षं माझ्याशी धड बोलली नाहीस."

"मग जिनं तुझ्याशी बोलायचं टाकलं तिची सावली हवीये कशाला?"

परागनं हँडहेल्ड उगाच उलटा-सुलटा केला. "खेळात तू अशी नव्हतीस," तो म्हणाला. "प्रत्यक्षात फोन उचलायला तुला जड व्हायचं. पण खेळात प्रत्येक कड्यावर तू माझ्यासाठी थांबायचीस. गुण बुडाले तरी थांबायचीस. मी चुकलो, पडलो, पुन्हा खालून सुरुवात केली, तरी दोर सोडला नाहीस. मला वाटायचं, आत कुठंतरी ही आहे अशी. घरी आलो की दुसरीच कुणीतरी दार उघडायची. मला ती खेळातली हवीये. ही नको."

वरदाच्या कानशिलात जाळ उठला. म्हणजे हा इतकी वर्षं तिला तिच्याच फोटोशी ताडून बघत होता, आणि प्रत्येक वेळी ती उणी पडत होती. आणि फोटोमागं होता कोण, तर याचा बाप! तिला खदखदून हसावंसं वाटलं आणि त्याच्या डोक्यात ते यंत्र हाणावंसंही वाटलं.

"नाही देणार," ती म्हणाली. "पुसून टाकीन, पण देणार नाही."

"पुसलंस तर उद्या वकिलाची नोटीस येईल. बस इथं. ओळख पटव, मी जातो."

ती बसली. बसण्यावाचून इलाज नव्हता. आणि बसल्यावर तिच्या लक्षात आलं की ही तर चांगलीच सोय आहे. खोड जुळणारच नाही, मग कुलूप उघडेल कशाला?

'दोरवाट'मध्ये दोन गडी एका दोरानं बांधलेले असतात. एक पुढं चढतो, दुसरा मागून येतो. पुढचा कड्यावर पोहोचला की त्याच्यापुढं दोन वाटा. दोर सोडून एकट्यानं वर धावायचं आणि निशाण गाठायचं, नाहीतर खुंटी ठोकून, दोर कंबरेला आवळून मागच्याची वाट बघायची. वरदानं पुढच्या गड्याचा कंट्रोलर घेतला, परागनं मागच्याचा. ती तरातरा चढली, कडा आला, तिनं दोर सोडला आणि धावत सुटली. परागचा गडी खाली दरीत गेला.

पडद्यावर अक्षरं आली: ओळख जुळली नाही.

"मुद्दाम केलंस," पराग म्हणाला.

"माझा स्वभाव आहे हा. विचार तुझ्या वकिलाला."

"पुन्हा."

पुन्हा तेच झालं. तिसऱ्यांदा तिनं थांबायचा नुसता देखावा करून बघितला, तरीही यंत्र फसलं नाही. वाटेत तिनं पाण्याची पखाल दोनदा स्वतःच प्यायली होती. ओळख जुळली नाही.

पराग आता पडद्याकडं नाही, तिच्याकडं बघत होता. त्याला यंत्र कळत होतं, यंत्रांवरच त्याचं पोट होतं. "तीन वेळा," तो हळू म्हणाला. "मुद्दाम खेळलं तरी थोडीतरी खोड उतरते. इथं काहीच उतरत नाहीये. वरदा, ही सावली तुझी नाही."

तिनं कंट्रोलर टेबलावर ठेवला.

"कोण होतं?" त्याचा आवाज चढला. "मी तिकडं समुद्रात मरत होतो आणि माझ्या घरी, माझ्या सोफ्यावर, कोण बसत होतं? नाव सांग. त्याच्यासाठी मोडलंस ना घर?"

आता मात्र वरदा उठली. शपथ गेली, पाणी गेलं, सगळं गेलं. असलं ऐकून घ्यायला ती काही दगड नव्हती. "ऐकायचंय नाव?" ती ओरडली. "ऐक मग!"

"ओरडू नको. मी सांगतो."

आप्पा दारात उभे होते. अंगात बनियन, लुंगी, एक हात चौकटीला. दुसरा हात लपवता येईल तेवढा पाठीमागं.

परागनं बापाकडं बघितलं, मग त्या हाताकडं. लपवलेला हातही थरथरत होता, लुंगीचा काठ हलत होता. हे त्याला कुणी कळवलं नव्हतं. कळवणार कोण?

"मी बसायचो," आप्पा म्हणाले. "तिला शिव्या देऊ नको. तिला हा खेळ आवडत नाही."

पराग हसला आणि ते हसणं ऐकून वरदाला वाटलं, याहून ओरडलेला बरा होता.

"तुम्ही," तो म्हणाला. "तुम्ही थांबायचात माझ्यासाठी? कड्यावर? तुम्ही?"

"हो."

"आईच्या वेळी नाही थांबलात."

"नाही थांबलो."

"मग हे कसलं नाटक होतं?"

वरदा मध्ये पडली. "नाटक नव्हतं. त्यांचे हात बघ. याच सावलीच्या आधारानं ते रोज तासभर खेळतात. तेवढाच तास माणसात असतात. तू ती नेलीस तर इथून पुसली जाईल. कळतंय का तुला? बाकीचे शंभर खेळ ने, हा डबा पण ने, पण ही ठेव."

आता तरी हा वितळेल, असं तिला वाटलं. कुणालाही वाटलं असतं. पण परागचा चेहरा आणखी कठीण झाला.

"मग तर नेणारच," तो म्हणाला. "जन्मात यांनी मला एक गोष्ट दिली, तीही दुसऱ्याच्या नावानं. ती मी इथं सोडून जाऊ? माझ्या नावावर आहे. बसा, आप्पा. ओळख पटवा."

"अरे, लाज वाटू दे!" वरदा म्हणाली.

पण आप्पा आले आणि सोफ्यावर बसले. त्यांनी कंट्रोलर मागितला. कितीतरी वर्षांनी पोरानं आप्पा म्हटलं होतं, आणि म्हाताऱ्याला तेवढं पुरलं होतं. वरदाला दोघांचाही संताप आला.

ओळखपरेडीत 'साथ' बंद असते. आप्पांचा गडी सुरू झाला तोच तोल जाऊन. थरथरत्या बोटानं एक पाऊल टाकावं तर दोन पडत होती. पहिल्याच कपारीवरून गडी घसरला, दोर ताणला गेला. मागच्याला दोर धरता येतो किंवा सोडता येतो. परागनं धरला.

"डावीकडं जा," तो दातओठ खाऊन म्हणाला.

"मला शिकवू नको."

गडी पुन्हा घसरला. परागनं पुन्हा धरला. आप्पांच्या कपाळावरून घाम नाकाच्या शेंड्यापर्यंत आला, तो पुसायला त्यांना हात मोकळा नव्हता. वरदानं पदरानं पुसला.

"त्या दिवशी का नाही थांबलात?" पराग पडद्यावरची नजर न काढता म्हणाला.

"बर्फ मिळेना. लाइट गेलेली." आप्पांच्या गड्यानं एक हात वर टाकला. "तुझ्या आईचा चेहरा बदलायला लागला होता. तू तिला तशी बघू नयेस असं वाटलं मला."

"मला विचारायचं होतं."

"हो. विचारायला पाहिजे होतं. चुकलं माझं." आणि लगेच, त्याच दमात, "दोर ढिला सोड की जरा, बे! गळफास लावतो का?"

परागनं दोर ढिला सोडला. गडी धडपडत, सरपटत कड्यावर चढला आणि उताणा पडला. पडद्यावर समोर दोन वाटा आल्या. वर निशाण फडफडत होतं. खाली परागचा गडी दोराला लोंबकळत होता.

वरदा आप्पांच्या कानाशी वाकली. "सोडा," ती कुजबुजली. "आप्पा, दोर सोडा आणि वर पळा. खोड जुळणार नाही. सावली इथंच राहील. एवढं ऐका माझं."

आप्पांनी ऐकलं होतं. त्यांचा अंगठा सोडायच्या बटणावर गेला आणि तिथं थरथरत राहिला. परागनंही ऐकलं होतं. तो नुसता पडद्याकडं बघत राहिला, आणि त्याच्या तोंडावर अशी कळा आली होती, जणू त्याला उत्तर आधीच माहीत आहे.

आप्पांनी अंगठा उचलला. दुसऱ्या हातानं तो धरून नेला खुंटीच्या बटणावर, आणि दाबला. गड्यानं खुंटी ठोकली, दोर कंबरेला आवळला, पखाल उघडली, अर्धं पाणी प्याला, अर्धं बाजूला ठेवलं, आणि खाली बघत उभा राहिला.

ओळख जुळली.

खाली आणखी एक ओळ आली: घरच्या यंत्राच्या धन्यानं मंजुरीचं बटण दाबावं. धनी म्हणजे वरदा.

"मी नाही दाबणार," वरदा म्हणाली. तिच्या डोळ्यांतून पाणी आलं, ते रागाचंच होतं.

"दाब," आप्पा म्हणाले.

"उद्यापासून काय करणार तुम्ही? खिडकीतून बघत बसणार?"

"दाब, पोरी. पोराचं आहे ते. त्याच्यासाठीच केलं होतं."

तिनं दाबलं. इतक्या जोरात की कंट्रोलर टेबलावरून खाली पडला. डाव्या रकान्यातला वरदाचा फोटो फिका झाला आणि गेला. हँडहेल्ड एकदा थरथरला. परागनं तार काढली, गुंडाळली, पिशवीत ठेवली. बापाकडं बघितलं नाही, तिच्याकडं तर नाहीच. बूट हातातच घेतले आणि जिना उतरून गेला.

"गेला का?" आप्पांनी विचारलं.

"गेला. तुमच्यावरच गेलाय. मेल्यानं पाठ फिरवताना एक शब्द काढला नाही."

"दार लाव."

तिनं दार लावलं, आपटूनच लावलं. मागं वळून बघते तर आप्पांनी 'दोरवाट' पुन्हा लावली होती. परागनं खेळ नेला तरी रिकामा ढाचा इथं राहतो, पाहुण्यासारखं खेळता येतं. 'कोण खेळतंय?' असं यंत्रानं विचारलं. पहिला फोटो आता नव्हता. आप्पांनी पहिल्यांदाच, अक्षर अक्षर शोधत, स्वतःचं नाव घातलं. मग गडी पायथ्याशी उभा राहिला आणि पहिल्या पावलाला तोंडावर आपटला. उठला, पुन्हा आपटला. धरायला दोराच्या दुसऱ्या टोकाला कुणी नव्हतं.

वरदाला ते बघवेना. "बंद करा, आप्पा," ती म्हणाली. "जेवायला बसू."

"थांब जरा."

तेवढ्यात पडद्याच्या कडेनं एक गडी आला. आप्पांच्या गड्याजवळून तो पुढं गेला, त्यांचा दोर उचलून आपल्या कंबरेला बांधला, आणि पहिल्या कपारीवर चढला. वरदानं बघितलं, तो परागचा गडी होता. तिला वाटलं, हा नेहमीसारखा निघून जाईल वर. परागचा गडी जन्मात कधी कुणासाठी थांबला नव्हता, त्या बाबतीत तो थेट बापावर गेला होता. पण त्यानं कपारीवर खुंटी ठोकली, दोर आवळला आणि खाली बघत उभा राहिला.

"सावली पाठवली त्यानं," वरदा कडवटपणे म्हणाली. "तुमचीच तुम्हाला दाखवायला."

आप्पांनी चष्मा नाकावर ओढला. गड्याच्या डोक्यावर एक ठिपका होता. सावली खेळत असली की तो करडा असतो, माणूस स्वतः खेळत असला की हिरवा. वरदा खिडकीशी गेली. खाली पार्किंगमध्ये, उन्हात तापलेल्या मोटरसायकलींच्या मध्ये, पायरीवर पराग बसला होता. बूट अजून बाजूलाच होते. मान खाली, हँडहेल्ड दोन्ही हातांत.

"खाली बसलाय," ती म्हणाली. "उन्हात. स्वतः खेळतोय."

पडद्यावर ठिपका हिरवा होता. दोर ताणलेला होता. कपारीवरच्या गड्यानं पखाल उघडली, अर्धं पाणी प्याला आणि अर्धं बाजूला ठेवलं.

आप्पांनी कंट्रोलर मांडीवर ठेवला आणि ते मागं रेलून बसले.

"आधी चहा टाक," ते म्हणाले. "थांबू दे त्याला जरा."